भाट्याच्या खाडीतली तिसरी दुपार

दोन दुपारी वाया गेल्या होत्या. सिनेमात तिसऱ्या, म्हणजे खाडीतल्या शिंपल्या, वेचणाऱ्या बाईचं काम करणारी नम्रता भाट्याच्या खाडीत वाकली, की तिचा चेहरा काळोखात जाई. रिफ्लेक्टर लावला तर तो खोटा उजळे. वेदिका कॅमेऱ्यामागे वैतागली होती. आठ वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली राबल्यावर स्वतंत्रपणे मिळालेला हा तिचा दुसराच सिनेमा.

काठावर उभ्या असलेल्या मालन नावाच्या बाईला मघापासून हसू आवरत नव्हतं. शेवटी वेदिकाच तिच्याकडे गेली.

"मावशी, काय चुकतंय आमचं?"

"भरतीच्या पाण्यात तिसऱ्या कोण वेचतं गो बाय?" मालन म्हणाली. तिची सारी हयात याच खाडीत गेली होती. "आणि ही पाण्यात बघते काय? डोळे लागत नाहीत ह्याला. हात बघतात."

वेदिका घाटाच्या पायथ्याला, पोफळीच्या वसाहतीत वाढलेली. वडील वीजघरात नोकरीला. समुद्र तिला सुट्टीपुरताच ठाऊक. पण हात बघतात म्हणजे कसे, हे जाणून घेतल्याशिवाय तिला राहवेना.

"मला दाखवाल?"

"आज नवमी. चतुर्दशीला ये. पाचच्या सुमाराला पाणी पार खाली असतं."

दिग्दर्शक ऋत्विक आधी चिडला. "पाच दिवस थांबायचं? एका बाईच्या सांगण्यावरून?"

"थांबायचं नाही. देवरूखचं चित्रीकरण आधी उरकू. परत आल्यावर जमलं नाही, तर तू म्हणशील तसं करते."

चतुर्दशीला वेदिका कॅमेरा न घेताच चिखलात उतरली. मालनने तिला बसल्यावर कमरेला लागेल एवढ्या पाण्यात बसवलं. बोटं वाळूत रुतवून वेदिकाने चाचपलं. दगड, शिंपला, पुन्हा दगड. मग काहीतरी गुळगुळीत, घट्ट मिटलेलं हाताला लागलं. ती लहान मुलीसारखी ओरडली. तेव्हा तिच्या ध्यानात आलं, की आपली मान वर आहे आणि आपण मालनच्या तोंडाकडे बघतोय. मालनच्या चेहऱ्यावर मावळतीचं ऊन थेट पडलं होतं, आणि ओल्या वाळूवरून परतलेला उजेड हनुवटीखालीही पोचला होता.

"नम्रता, ये! मालनमावशींशी गप्पा मार. खाली बघू नकोस," वेदिकाने काठाकडे हाक दिली.

रिफ्लेक्टर गाडीतच राहिले. वेदिकाने कॅमेरा मागवून घेतला आणि पाण्यालगत धरला. दोघी बोलत राहिल्या, पाण्याखाली हात फिरत राहिले, आणि ऋत्विक 'कट' म्हणायचं विसरला. सूर्य बुडाल्यावर तो एवढंच म्हणाला, "हेच ठेवू."

सिनेमा मोठ्या पडद्यावर फारसा टिकला नाही. पण तो प्रसंग पाहून कोळी बायकांवर माहितीपट करणाऱ्या एकीने वेदिकाला बोलावून घेतलं.

जायच्या आधी ती लॅपटॉप घेऊन मालनकडे गेली. मालनने सगळा प्रसंग पापणी न हलवता पाहिला.

"आवडलं?"

"चेहरा सुरेख आलाय," मालन म्हणाली. मग पडद्यावर बोट टेकवून तिने विचारलं, "पण एवढा वेळ बसून टोपलीत चारच तिसऱ्या?"

वेदिकाने मान पुढे करून मोजल्या. खरंच चारच होत्या.