वाळू उतरवून जा

“तुमचा हुद्दा काय, बाई?” कोर्टात ट्रकमालकाच्या वकिलाने विचारलं.

“कनिष्ठ लिपिक. महसूल कार्यालय.”

“आणि माझ्या अशिलाचा ट्रक तुम्ही पुलावर अडवलात. जप्त केलात.”

“हो. नदीतली वाळू होती. परवाना नव्हता.”

“परवान्याचं मी विचारलंच नाही.” वकील हसला. “गाडी जप्त करायचा अधिकार कोणत्या हुद्द्याला असतो, ठाऊक आहे?”

त्या दिवशी ती नदीपलीकडे मोजणीच्या कामाला गेली होती. परतताना ओल्या वाळूचं पाणी गाळत येणारा ट्रक दिसला, म्हणून तिने साहेबांना फोन लावला. ‘अडवा, किल्ली काढून घ्या, मी आहे ना,’ साहेब म्हणाले होते. तिने सरळ स्कूटर आडवी लावली. तेव्हा भीती वाटली नव्हती. ती नंतर आली आणि घरातच राहायला लागली. दाराची बेल वाजली की, अनोळखी नंबर दिसला की, नवऱ्याला यायला जरा उशीर झाला की छातीत धस्स व्हायचं.

“साहेबांनी फोनवर सांगितलं होतं,” ती म्हणाली.

“लेखी?”

“नाही.”

साहेब पुढच्याच बाकावर होते. न्यायाधीशांनी विचारल्यावर ते उठले, शर्ट खाली ओढला. “फोन आला असेल. नेमकं काय बोलणं झालं ते आता आठवत नाही.” बसताना त्यांनी मागे वळून पाहिलं नाही.

निकाल लगेच लागला. वाळूची चौकशी वेगळी चालेल. पण जप्ती अधिकार नसलेल्या व्यक्तीने केली आहे, सबब वाहन आजच मालकाच्या ताब्यात द्यावं.

जिन्यात साहेबांनी तिला गाठलं. “मनाला लावून घेऊ नका. ताबा तुम्हीच देऊन टाका, मला मीटिंग आहे.”

“मी एकटी, सर?”

“शिपाई आहे की.”

शिपायाने कार्यालयामागच्या आवाराचं फाटक उघडून दिलं आणि जो गेला तो पुन्हा फिरकलाच नाही. ट्रक भिंतीला लागून उभा होता. इतक्या महिन्यांत वाळूवर गवत उगवलं होतं. मालक, ड्रायव्हर आणि आणखी दोघं जण आधीच येऊन थांबले होते. मालक तिच्या वडिलांच्या वयाचा, बोलायला अगदी मऊ.

“या ताई. उगीच तुम्हाला सगळा त्रास.”

घामाने ओली झालेली किल्ली तिने त्याच्या हातावर ठेवली. वर बघायला लागू नये म्हणून ती आदेश पुन्हा वाचत राहिली. त्यात ‘वाहन’ एवढंच होतं. वाळूचं नावही नव्हतं. वाचलं नसतं तर बरं झालं असतं, असं तिला वाटलं.

“वाळू उतरवून जा,” ती म्हणाली. आवाज इतका बारीक निघाला की ड्रायव्हरने “काय?” केलं.

“आदेश गाडीचा आहे. वाळू इथंच राहील.”

दोघांतला एक पुढे सरकला. मालकाने त्याला हातानेच थांबवलं. त्याचं हसू तसंच होतं.

“लेकीला शाळेत तुम्हीच सोडता ना, ताई? निळ्या स्कूटरवर?”

जा म्हणावं, घेऊन जा. कोण विचारणार आहे? साहेबांना तर काही आठवणारच नाही. तिने पाठ भिंतीला टेकवली.

“हो,” ती म्हणाली. “मीच सोडते. वाळू उतरवा.”

मालकाने किल्ली ड्रायव्हरकडे टाकली. मग त्याच्याकडे न बघताच म्हणाला, “ओत.”

ट्रकचा हौदा वर उचलला गेला. घट्ट बसलेली वाळू एकदम, दाणकन खाली आली. गवत कुठल्या कुठे गाडलं गेलं. रिकामा ट्रक फाटकाबाहेर जाईपर्यंत ती उभी राहिली. मग मोरीत जाऊन ओकली.

शाळा सुटायला वेळ होता, तरी ती गेली. बाईंना म्हणाली, घरी काम आहे. मुलगी नेहमीप्रमाणे स्कूटरवर पुढे उभी राहिली आणि तिची बडबड सुरू झाली. कोणी कोणाचा डबा सांडला, कोण रडलं.

मागून जड गाडीचा आवाज आला. आईने स्कूटर अगदी कडेला घेतली, पाय टेकवला, मुलीला हाताने कवटाळलं.

“काय झालं, आई?”

“काही नाही. त्याला जाऊ दे पुढे.”

दुधाचा टेम्पो होता. खडखडत निघून गेला. मुलगी रस्त्यावरच्या प्रत्येक गाडीवाल्याला टाटा करायची. आजही तिचा हात वर गेला. आईने तो धरला आणि हळूच खाली घेतला.