सारजाबाईंच्या मुठीतली कात्री

मी एक जुनी कात्री आहे, अंगठ्याएवढ्या पात्यांची आणि तापट डोक्याची. मित्रांनो, माझ्याकडून गोडगोड गोष्टीची अपेक्षा ठेवू नका. मला तापवून, ठोकून, दगडावर घासून घडवलं आहे. मार खाऊन मला धार आली, म्हणून मार म्हणजे काय ते मला चांगलं कळतं.

तीस वर्षांपूर्वी सारजाबाईंनी मला पौडच्या बाजारातून कासारसाईला आणलं. त्या शेतकरी घरातल्या, पण शिवणाचा हात देखणा. मला कापडाशिवाय कशालाही लावायचं नाही, हा त्यांचा दंडक होता. एकदा त्यांच्या मुलाने, इंद्रजितने, मला वापरून लोखंडी तार तोडली. माझ्या पात्याला खाच पडली. सारजाबाई नुसत्या म्हणाल्या, "जाऊ दे, ल्हान हाय." ती खाच अजून आहे.

इंद्रजित मोठा झाला. जमीन विकून त्याने खोल्या बांधल्या, हिंजवडीला नोकरी करणाऱ्यांना भाड्याने दिल्या आणि स्वतः दिवसभर मोकळा झाला. त्याची बायको वैष्णवी मात्र कामाची. सासूला ती आत्या म्हणते. दोघी मिळून मॅटीच्या कापडावर फुलीच्या टाक्यांचे बुकमार्क करायच्या.

टाके पुष्कळांना येतात. शेवट नीट करणं थोड्यांनाच जमतं. गाठ मारली की उंचवटा येतो आणि पुस्तकाच्या पानावर वळ उठतो. म्हणून दोऱ्याचं टोक मागच्या चार टाक्यांखालून ओवायचं आणि मग मी ते अगदी मुळाशी कापायचं. कडा दुमडायच्या, कापड पालथं घालून इस्त्री करायची, मागे फेल्टचं मऊ, जाडसर कापड लावायचं. फेल्ट लावण्याआधी सारजाबाई प्रत्येक बुकमार्क उलटून बघायच्या.

"फेल्ट मऊपणासाठी लावायचं, पोरी," त्या म्हणायच्या. "घाण झाकाय न्हाई."

आणि याच सारजाबाई स्वतःच्या घरात झाकत होत्या. इंद्रजित वैष्णवीला मारायचा. पट्ट्याने, चार्जरच्या वायरने, हाताला येईल त्याने. मी खणात पडून सगळं ऐकायची. सकाळी शेजारीण विचारायची आणि सारजाबाई सांगायच्या, "गोठ्यात घसरली." चार वर्षं ती गोठ्यातच घसरत होती! मला त्यांचा भयंकर राग यायचा.

गेल्या हिवाळ्यात शाळेच्या वाचनालयाने चाळीस बुकमार्क मागवले. नमुना दाखवायला वैष्णवी स्वतः शाळेत गेली होती. एकोणचाळीस झाले. दोघी शिवत बसल्या होत्या, चाळिसाव्याची शेवटची कड शिवायची राहिली होती, तेवढ्यात भर दुपारी इंद्रजित आत आला.

"आमच्या घरची सून साळंत वस्तू इकाय जाती व्हय? गावात मला तोंड दावाय जागा ठेवली न्हाईस!"

"पोरांसाठी हायेत त्या," वैष्णवी म्हणाली. "हात लावू नका."

त्याने तिचे केस धरून डोकं भिंतीवर आपटलं. मग मला उचललं आणि तो चाळिसावा बुकमार्क आडवा कापला. ज्या टाक्यांना मी इतकं जपलं होतं ते माझ्याच पात्यांनी फाडले. मित्रांनो, मला तेव्हा मोडून पडावंसं वाटलं. पण कात्रीला स्वतःहून मोडता येत नाही.

मग त्याने मला मिटून मुठीत धरलं आणि वैष्णवीवर उगारलं. तिने डोळे मिटले. मी खाली आले आणि एका उघड्या तळहातात रुतले. तो हात सारजाबाईंचा होता.

"सोड," त्या म्हणाल्या. "सोड म्हणते न्हवं!"

त्याने हिसडा दिला. माझी जुनी खाच मांसात अडकली. रक्त पांढऱ्या मॅटीवर सांडलं, पण सारजाबाईंनी मूठ उघडली नाही. शेवटी त्यानेच सोडलं आणि तो बाहेर पळाला.

वरच्या भाडेकरूने दोघींना गाडीतून दवाखान्यात नेलं. मी तशीच मुठीत होते. डॉक्टरीणबाईंनी एकेक बोट सोडवलं आणि विचारलं, "कसं लागलं?"

वैष्णवीने सवयीने तोंड उघडलं. "गोठ्यात..."

"गप बस," सारजाबाई म्हणाल्या. "बाई, माझा हात ऱ्हाऊ द्या. आदी हिची पाठ बघा. माझ्या पोरानं केलंय. चार वर्सं करतोय आन् चार वर्सं मी झाकत आलीय."

डॉक्टरीणबाईंनी पोलिसांना बोलावलं. त्या क्षणी माझा सारजाबाईंवरचा राग गेला. सगळा नाही, पण बराचसा गेला.

आता मी पोलिसांकडे एका मोहोरबंद पाकिटात पडून आहे. तेल नाही, काम नाही, पाती जोडणाऱ्या खिळ्यापाशी गंज चढतो आहे. जबाब द्यायला दोघी आल्या होत्या. सारजाबाईंची दोन बोटं आता वळत नाहीत. वैष्णवीने नव्या कात्रीने नवा चाळिसावा पुरा करून शाळेत दिला, असं ऐकलं. बरं वाटलं, थोडा हेवाही वाटला.

मित्रांनो, कात्रीने तार तोडू नका, तिला अधूनमधून तेलाचा थेंब द्या. आणि घरात कोणी कोणाला मारत असेल तर सांगा. एकाने ऐकलं नाही तर दुसऱ्याला सांगा. तो कापलेला बुकमार्क पुरावा म्हणून इथे माझ्या शेजारीच आहे, त्याचे धागे लोंबत आहेत. जन्मभर मी असले धागे मुळाशी कापत आले. हे मात्र कोणी कापू नका.