मागची गाडी येईपर्यंत

मी एक जुनी मोटारसायकल आहे, मित्रांनो, आणि खरं सांगायचं तर सध्या मी फार रागात आहे. जुन्या वस्तूंनी आपली कहाणी गोड आवाजात सांगावी अशी लोकांची अपेक्षा असते. चार चांगल्या आठवणी काढायच्या, धूळ खात पडल्याचं थोडं दुःख करायचं आणि शेवटी डोळे पुसायचे. मलाही ते जमलं असतं. पण माझ्या बाबतीत जे घडलं ते ऐकलंत, तर तुमच्याही नाकाचा शेंडा लाल होईल.

माझा जन्म कारखान्यातला. तो काही मला आठवत नाही, तुम्हाला तरी तुमचा कुठे आठवतो? माझी पहिली आठवण आहे दुधाच्या कॅनची. एक दूधवाला मला दोन्ही बाजूंनी कॅन लटकवून डोंगराच्या पायथ्याच्या वस्त्यांवर न्यायचा. दाराशी थांबायचं, दूध मापून द्यायचं, पुढच्या दाराशी जायचं. एखादं घर चुकून राहिलं तर त्या घरातलं बाळ रडायचं आणि दूधवाला मला पुन्हा मागे वळवायचा. रस्ता म्हणजे कुणालाही न वगळता जाणं, अशी माझी समजूत तिथेच पक्की झाली. पुढे त्याचे गुडघे दुखायला लागले. मला विकताना त्याने टाकीवर हात ठेवला आणि घेणाऱ्याला सांगितलं, की हिला पळवू नका, दमाने घ्या.

घेणारा होता मिस्त्री. शहरातल्या लोकांना मोटारसायकलींवरून डोंगरातली आडगावं दाखवून आणणारी एक कंपनी होती, तिथे तो कामाला होता. चार-पाच दिवसांची सफर असायची. पुढे नव्याकोऱ्या गाडीवर कॅप्टन. त्याला खरं नाव असेलही, पण तो स्वतःसुद्धा स्वतःला कॅप्टनच म्हणायचा. त्याच्यामागे जाकिटं, हातमोजे आणि गुडघ्यांना ढाली बांधलेले पाहुणे. सामानाचा टेम्पो खालच्या मोठ्या रस्त्याने यायचा. आणि डोंगरातल्या रस्त्यावर सगळ्यांच्या मागे मिस्त्री आणि मी. माझ्या पाठीवर पाने, पंक्चरचं सामान, हातपंप, दोरखंड आणि औषधांचा डबा. मला सगळे शेपूट म्हणायचे. म्हणोत बापडे.

मागून चालणाऱ्याला काय काय दिसतं ते पुढच्याला कधी कळत नाही. गावात शिरताना मुलं हात हलवायची ती कॅप्टनला. मी पोचेपर्यंत त्यांच्या डोळ्यांत धूळ गेलेली असायची आणि ती खोकत असायची. एका गावात रस्त्याच्या कडेला मका वाळत घातला होता, तो पुढे गेलेल्या गाड्यांच्या चाकांनी उडवला. शिव्या पडल्या मिस्त्रीला. तो उतरला, त्याने दोन्ही हातांनी दाणे गोळा करून पुन्हा पसरले, आणि ज्या बाईने शिव्या दिल्या तिनेच शेवटी त्याला पाणी दिलं. हातमोजे, चष्मे, रिकाम्या बाटल्या, सगळं आम्ही उचलत यायचो. एकदा तर एका पाहुण्याची बायकोच चहाच्या टपरीवर राहिली होती. तीही आम्हीच आणली. तो बराच वेळ एकटाच पुढे बोलत गेला होता म्हणे.

पण आमचं खरं काम निराळं होतं. ते नीट समजून घ्या, कारण माझा सगळा राग तिथून सुरू होतो.

डोंगरात रस्त्याला सारखे फाटे फुटतात, पाट्या नसतात, फोन लागत नाहीत. म्हणून कॅप्टनने एक नियम केला होता. फाटा आला की त्याच्या लगेच मागे असलेल्या माणसाने तिथे थांबायचं आणि मागून येणाऱ्या प्रत्येकाला वाट दाखवायची. सगळे गेले असं वाटलं तरी हलायचं नाही. मागची गाडी, म्हणजे मी, नजरेला पडले की मगच निघायचं. पुढच्या फाट्यावर दुसऱ्याची पाळी. पहिल्या सकाळी सगळ्यांना गोल उभं करून कॅप्टन हे ठणकावून सांगायचा. "ऊन असो, पाऊस असो, मागची गाडी येईपर्यंत हलायचं नाही म्हणजे नाही." ते ऐकताना माझं हँडल अभिमानाने ताठ व्हायचं. शेपटीवरच तर सगळं चाललं होतं.

ज्या सफरीचा मला राग आहे, त्या सफरीत एक तरुण आई होती. लेक झाल्यापासून पहिल्यांदाच एकटी घराबाहेर पडली होती. चार वर्षांची मुलगी आजोबांकडे ठेवून आली होती आणि रेंज मिळाली की आधी तिच्याशी बोलायची. गाडी जपून चालवायची, वळणावर वेग कमी करायची, कोंबडी आडवी आली की थांबायची. दुसऱ्याच दिवशी तिचं नाव गोगलगाय पडलं. ते नाव ठेवणारा एक दातांचा डॉक्टर होता. तिने ते हसत घेतलं आणि म्हणाली, की डॉक्टर, गोगलगायीचे दात तरी कुणी उपटत नाही. तेव्हापासून डॉक्टर जरा जपून बोलायला लागला.

तिसऱ्या दिवशी आम्ही सगळ्यात उंच खिंड ओलांडणार होतो. खिंडीपलीकडे फाटा होता. एक वाट खाली मुक्कामाच्या गावाला जायची, दुसरी एका बंद पडलेल्या खाणीकडे. त्या फाट्यावर पाळी आली गोगलगायीची.

इकडे खिंडीच्या बऱ्याच अलीकडे डॉक्टरच्या गाडीची चेन तुटली. मिस्त्रीने मला बाजूला लावलं आणि काम काढलं. अर्ध्या तासाचंही काम नव्हतं. पण नेमकी त्या वळणावर फोनला रेंज होती, आणि कॅप्टनचा खालून फोन आला. मुक्कामाच्या गावात एक छायाचित्रकार येऊन थांबला होता. उजेड आहे तोवर सगळ्या गाड्यांचा एकत्र फोटो घ्यायचा होता. चेन-बिन नंतर बघ, टेम्पोला वर बोलावलंय, दोन्ही गाड्या त्यात चढव आणि खालच्या रस्त्याने लवकर ये, असा हुकूम झाला.

मिस्त्रीने विचारलं, फाट्यावर कोण आहे?

कॅप्टन म्हणाला, की सगळे पोचलेत, तू ये.

सगळे पोचलेत! तो बघायलासुद्धा मागे वळला नव्हता, मित्रांनो. तो तेव्हा केस विंचरत होता, हे नंतर छायाचित्रकाराने सांगितलं.

मला दोरांनी बांधून टेम्पोत चढवलं. आयुष्यात पहिल्यांदा मी कुणाच्या तरी पाठीवर बसून चालले होते आणि मला चैन पडत नव्हतं. टेम्पो खालच्या रस्त्याला लागला. वरच्या बाजूला धुकं डोंगरावरून उतरत होतं. ज्या फाट्यावर माझी वाट बघितली जात होती तो फाटा माझ्या डोक्यावर कुठेतरी राहून गेला, आणि मी बांधलेली. हॉर्न होता, पण तो वाजवायला हात नव्हते.

गावात पोचलो तेव्हा गाड्या ओळीने उभ्या होत्या. मलाही ओळीत घुसवलं, फोटो निघाला, लोकांनी अंगठे वर केले. मग मिस्त्रीने एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ओळ पाहिली. पुन्हा एकदा पाहिली. आणि तो तडक कॅप्टनकडे गेला. कॅप्टन चहाचा कप हातात घेऊन स्वतःच्याच जुन्या पराक्रमाची गोष्ट सांगत होता.

मिस्त्री म्हणाला, ती ताई आलेली नाही.

कॅप्टनने हात झटकला. येईल की हळूहळू, गोगलगाय आहे.

"ती येणार नाही, कॅप्टन. माझी गाडी दिसल्याशिवाय हलायचं नाही, असं आपणच सांगितलंय तिला."

तेव्हा कॅप्टन जे बोलला ते वाक्य माझ्या टाकीत अजून खदखदतं. तो हसून म्हणाला, "अरे, एवढं कोण पाळतं?"

मित्रांनो, माझी किक फक्त मलाच बसते. नाहीतर त्या क्षणी ती कुणाला बसली असती ते सांगायला नको.

मिस्त्री सरळ माघारी वळला. त्याने मला ओळीतून बाहेर काढलं आणि आम्ही चढाला लागलो. मला पळवू नका असं दूधवाल्याने सांगितलं होतं खरं, पण त्या संध्याकाळी मीच पळाले. इंजिन तापलं, पाय टेकायच्या पट्ट्या दगडांना घासल्या, एका ओढ्यात पाणी माझ्या छातीपर्यंत आलं. जितकं वर जावं तितकं धुकं दाट होत गेलं. शेवटी दिव्याच्या उजेडात आधी दिसली एक शेळी. मग आणखी शेळ्या, भर रस्त्यात बसलेल्या. आणि त्यांच्या मधोमध गाडी स्टँडवर लावून ती उभी होती. ओठ निळे पडलेले. अंगावर जाकिटावरून एक घोंगडी. शेजारी काठी टेकून एक म्हातारी बाई.

ती शेळ्यांमागची बाई होती. तिचं घर हाकेच्या अंतरावर होतं. चल पोरी, चुलीपाशी बस, म्हणून तिने किती विनवलं होतं. पोरगी हलायला तयार नव्हती. "मागून कुणी आलं आणि मी दिसले नाही तर ते खाणीच्या वाटेला लागतील," एवढंच सांगत राहिली. शेवटी बाईने आपली घोंगडी तिला दिली, शेळ्या तिच्या भोवती बसवल्या, तेवढीच ऊब, आणि स्वतःही तिथेच उभी राहिली.

आम्हाला बघून बाईच्या तोंडाचा पट्टा सुटला. "तुझी शेळी हरवली असती तर अर्ध्या वाटेतून माघारी आला असतास. बाईमाणूस विसरलास होय रे?"

मिस्त्रीने मान खाली घातली. चूक माझी नाही असं तो म्हणू शकला असता. पण तो तसं म्हणाला नाही.

आणि ती? ती रडली नाही, रागावली नाही. तिने आधी माझ्या मागे पाहिलं, आणखी कुणी येतंय का म्हणून. मग थरथरत्या आवाजात तिने विचारलं, "आलात का दादा? आता निघू मी?"

निघा ताई, तो म्हणाला. तुम्ही पुढे, मी मागे.

मुक्कामावर पोचलो तेव्हा सगळे जेवायला बसले होते. कॅप्टनने तिच्यासाठी खुर्ची ओढली, हे मी मान्य करते. पण ओढता ओढता सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, की अहो, थोडं डोकं वापरायचं ना, निघून यायचं. दोघे-तिघे हसले.

तिने हेल्मेट टेबलावर ठेवलं. "माझी मुलगी बालवाडीच्या फाटकाशी उभी असते. मी तिला सांगितलंय, मी येईपर्यंत हलू नकोस. मला उशीर झाला तरी ती हलत नाही. तुमच्या हिशेबाने तिनेही डोकं वापरायला हवं का?"

कॅप्टनने विषय बदलून हवामानाबद्दल बोलायला सुरुवात केली. त्या रात्री गावातली रेंज गेली होती, त्यामुळे ती मुलीशी बोलू शकली नाही. तिची माफी कुणी मागितली असेल तर ती माझ्या कानावर आलेली नाही.

मला वाटलं होतं, झालं ते इथे संपलं. पण खरं नुकसान पुढे दिसलं. चौथ्या दिवशी फाट्यावर उभा राहणारा प्रत्येक जण चुळबुळत होता. सगळे मिस्त्रीला आधीच विचारून घ्यायचे, तुम्ही नक्की येणार ना? दोघे तर थोडा वेळ थांबून सरळ निघून गेले. मग मागचे दोघे चुकीच्या वाटेने एका दरीत उतरले आणि त्यांना शोधण्यात दुपार गेली. त्यावर कॅप्टन सगळ्यांवर ओरडला, की तुम्हा लोकांना शिस्त नाही. ऐकलंत? शिस्त नाही म्हणे!

शेवटच्या दिवशी शेवटचा फाटा आला. पाळी डॉक्टरची होती. घर जवळ आलं होतं, तो थांबला नाही. मागून गोगलगाय आली. तिने पाहिलं, फाटा रिकामा. मागे अजून माणसं होती, आणि आम्ही. तिलाही घरी जायचं होतं, सगळ्यांपेक्षा जास्त. ती क्षणभर खाली जाणाऱ्या रस्त्याकडे बघत राहिली. मग तिने स्टँड लावलं, हेल्मेट काढलं आणि उभी राहिली.

आम्ही पोचलो तेव्हा तिच्या शेजारी आणखी एक गाडी होती. डॉक्टर निम्म्या उतारावरून परत आला होता. माझी पाळी होती, एवढंच तो म्हणाला, आणि बुटाने खडे उडवत राहिला. थोडी बाजूला सरकून तिने त्याला उभं राहायला जागा करून दिली.

ही माझी शेवटची सफर ठरली. मागची गाडी म्हणजे फुकटचं लोढणं, टेम्पो आहे की, असं कॅप्टनने ठरवलं. मिस्त्री माझ्यासाठी भांडला. भांडण हरल्यावर त्याने दुसरीकडे काम धरलं. मला कचेरीमागच्या पत्र्याच्या शेडमध्ये ढकललं. टायर बसले, साखळी गंजली, सीटमध्ये उंदरांनी बाळंतपण उरकलं. त्याचं मला काही वाटत नाही. पिल्लं गोड आहेत.

पण दर सफरीच्या पहिल्या सकाळी पत्र्यापलीकडे माणसं गोल उभी राहतात, आणि मला कॅप्टनचा तो खणखणीत आवाज ऐकू येतो. मागची गाडी येईपर्यंत हलायचं नाही म्हणजे नाही. नियम अजून तोच आहे, मित्रांनो. मागची गाडी मी. आणि मी तर इथे आहे. मग ती माणसं धुक्यात कुणाची वाट बघत उभी राहतात?

तुम्ही मोठे व्हाल. कुणाला तरी म्हणाल, इथे थांब, मी येते. म्हटलंत तर जा. उशीर झाला तरी जा, लाज वाटली तरी जा. जो थांबलाय त्याला वेडा म्हणू नका. तुमच्या शब्दावर भरवसा ठेवण्यापलीकडे त्याने काहीही केलेलं नसतं.

आणि तुमच्यापैकी कुणी या शेडपाशी आलंच, तर मला पुसू नका, रंग देऊ नका, फुलांच्या कुंड्या ठेवायला तर मुळीच नेऊ नका. टायरमध्ये हवा भरा आणि मला बाहेर काढा. मला पुढची जागा नकोय. सगळ्यात शेवटी ठेवा, पण रस्त्यावर ठेवा.