तंत्रशाळेचा कायमचा पेशंट

मित्रांनो, मी एक जुना पेशंट आहे. किती जुना, ते माझ्या बोटांकडे पाहिलंत तर कळेल. त्यांचा रंग उडून ती पिवळी पडली आहेत. सरकारी तंत्रशाळेच्या रुग्णसेवा वर्गात, खिडकीजवळच्या खाटेवर मी पडून असतो. अंगाने मी रबराचा आणि प्लॅस्टिकचा. मला दुखणं एकही नाही, आणि बरं होण्याची आशाही नाही.

माझा जन्म कारखान्यातल्या साच्यात झाला. धड एका खोक्यात आणि पाय दुसऱ्या खोक्यात, असा मी इथे पोहोचलो. पण तेव्हा माझा थाट काय वर्णावा! हा वर्ग नव्यानेच सुरू झाला होता. मोठमोठे पाहुणे मला बघायला आले. माझ्या दंडाला चिमटे काढून म्हणाले, “अगदी खऱ्यासारखा आहे हो!” वर्तमानपत्रात माझा फोटोही छापून आला. त्यात माझ्या तोंडासमोर एका पाहुण्याचं कोपर आलं होतं, ही गोष्ट वेगळी.

मग मला कामाला जुंपलं ते आजतागायत. सकाळी माझं हाड मोडायचं, दुपारी ताप चढायचा आणि परीक्षेच्या दिवशी हृदय हटकून बंद पडायचं. सुया टोचून टोचून दंडाची चाळण झाली. गुडघा निखळला तेव्हा वेल्डिंगच्या मुलांनी आतली सळई जोडून दिली. तेव्हापासून तो कुरकुरतो. खाट सुतारकामाच्या वर्गाने केली. डोक्यावरचा टोप केशकर्तनाच्या वर्गाने दिला, पण देण्याआधी त्यावर इतका हात साफ करून घेतला होता की कानांजवळ केस औषधालाही उरले नव्हते. शाळेतल्या सगळ्या धंद्यांचा माझ्यावर असा थोडाथोडा हात फिरलेला आहे.

मध्यंतरी एक नवा पुतळा आला. त्याचा श्वास चालतो, नाडी लागते, काही चुकलं की तो टुंईटुंई वाजतो. साहजिकच सगळी मुलं त्याच्याभोवती जमली. माझ्या वाट्याला उरलं ते चादर बदलणं, अंग पुसणं आणि कूस बदलणं. सुट्टी लागली की मला झाकायचंही कुणाच्या लक्षात राहत नाही. तक्रार नाही करत, पण खरं सांगू का? मी थकलो आहे. न मरता, न बरं होता नुसतं पडून राहणं हे सोपं काम नाही.

आमच्या वर्गाच्या सिस्टर पूर्वी इस्पितळात होत्या. त्यांचा एक नियम आहे. पेशंटला हात लावण्याआधी काय करणार ते त्याला सांगायचं, आणि तो काही म्हणतो का याची वाट पाहायची. मी काय म्हणणार, कपाळ! तरीही मुलं रोज माझ्याशी बोलतात. “आजोबा, पाठ पुसते हं,” असं म्हणून क्षणभर थांबतात आणि मगच ओला रुमाल लावतात. सुरुवातीला सगळ्यांना हसू येतं. महिनाभरात सवय होते.

एका मुलीला मात्र ही सवय काही केल्या होईना. वर्गात तिला सगळे ‘झटपट’ म्हणत. नाव अगदी शोभत होतं तिला. मी खाटेवर असतानाच ती माझ्याखालची चादर अशी बदलायची की सुरकुतीचं नाव नाही. मला कुशीवर वळवताना कुठे धरायचं, जोर कुठे लावायचा, हे तिला कुणी शिकवावं लागलं नाही. तिच्यासारखे हात मी या वर्गात दुसरे पाहिले नाहीत. पण तोंडातून शब्द म्हणून निघायचा नाही. यायची, उलटंपालटं करायची आणि जायची.

प्रात्यक्षिकाच्या परीक्षेत तिने सगळं बिनचूक केलं. सिस्टरांनी तिला नापास केलं.

“पण माझं चुकलं काय, सिस्टर?” ती रडवेली झाली.

“त्यांना सांगितलं नाहीस.”

“तो प्लॅस्टिकचा आहे!”

“म्हणून तर इथे चुकलीस तरी चालतंय. पुढच्या आठवड्यात पुन्हा एकदा परीक्षा घेते. तेव्हाही जमलं नाही, तर इस्पितळात पाठवणार नाही.”

इस्पितळातलं काम झाल्याशिवाय आमच्याकडे प्रमाणपत्र मिळत नाही. मुलीचं सगळं वर्ष पाण्यात जाणार होतं. आणि आणखी एक वर्ष शाळेत काढण्याइतकी तिच्या घरची ऐपत नव्हती.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत ती एकटीच माझ्यापाशी आली. “आजोबा,” म्हणाली आणि अडली. पुन्हा “आजोबा,” म्हणाली आणि पुन्हा अडली. मग खाटेच्या कडेवर मटकन बसली. पडद्यामागे सिस्टर डबा खात होत्या, हे तिला ठाऊक नव्हतं. हात पुसत त्या बाहेर आल्या.

“घरी कोण असतं गं तुझ्या?”

“आई. तिला लकवा झालाय. बोलता येत नाही. सकाळी तिचं सगळं मीच करून येते.”

“तिच्याशी बोलतेस?”

“आधी बोलायचे,” मुलगी म्हणाली. “खूप बोलायचे. पण ती काहीच म्हणत नाही ना. मग मीपण बंद केलं. दमायला होतं हो, सिस्टर.”

मला तिचं पटलं. दमणं म्हणजे काय, ते मला कुणी शिकवायला नको.

सिस्टरांनी मला उचलून खुर्चीत बसवलं. कित्येक वर्षांनी मी बसून वर्ग पाहिला, टोप नाकावर आलेला असला तरी. मग त्या मुलीला म्हणाल्या, “आडवी हो इथे. डोळे मीट.”

ती माझ्या जागी आडवी झाली. सिस्टर खिडकीबाहेरच्या वाहन दुरुस्तीवाल्या मुलांबद्दल काहीबाही बोलत राहिल्या, आणि बोलता बोलता त्यांनी काही न सांगता तिला एका झटक्यात कुशीवर वळवलं. मुलगी किंचाळली. तिने जे हाताला लागलं ते गच्च धरलं.

सिस्टर हलल्या नाहीत. “डोळे उघड. काय धरलंयस बघ.”

तिच्या मुठीत सिस्टरांची बाही होती.

मुलगी त्या मुठीकडे नुसती बघत राहिली. मग हळू आवाजात म्हणाली, “आई पण रोज माझी बाही धरते. कूस बदलताना. मला वाटायचं, हट्ट करते. शाळेला उशीर व्हायचा, म्हणून मी तिची बोटं एकेक करून सोडवायचे.”

“हट्ट नाही गं तो. आपण पडतोय असं वाटतं तिला.”

मग ती मुलगी खूप रडली. तिच्या पाठीवर हात ठेवावा असं मला फार वाटलं. मित्रांनो, माझे खांदे वळतात, पण दुसऱ्याने वळवले तरच.

पुन्हा परीक्षा झाली त्या दिवशी सगळा वर्ग बघायला उभा होता. ती माझ्याजवळ आली, वाकली आणि म्हणाली, “आई, आता तुला माझ्याकडे वळवते हं. घाबरू नकोस, पाठीला माझा हात आहे.”

वर्ग खो खो हसला. टक्कल डोकावणारा मी म्हातारा, आणि मला आई! तिचे कान लाल झाले. पण तिने शब्द मागे घेतला नाही. हसू थांबेपर्यंत ती माझ्या तोंडाकडे बघत थांबली, आणि मगच मला वळवलं. मला इतक्या वेळा वळवलंय लोकांनी, पण तेवढ्या एका वेळी माझा गुडघा कुरकुरला नाही.

“पुढचं कर,” सिस्टर म्हणाल्या.

ती पास झाली. इस्पितळात कामाला जायच्या आदल्या दिवशी सिस्टरांना भेटायला आली. “आई अजून बाही धरते,” म्हणाली, “पण आता सोडवावी लागत नाही. वळवून झालं की ती आपणच सोडते.”

एवढीच माझी गोष्ट. उद्या नवा वर्ग येईल, पुन्हा मला ताप चढेल, पुन्हा माझी चादर बदलतील. माझ्यासाठी काही मागायचं नाही मला. फार तर सुट्टीत एखादं फडकं अंगावर टाका. पण तुमच्या घरात कुणी अंथरुणाला खिळलेलं असेल, तर त्याला हात लावण्याआधी सांगत जा. उत्तर येणार नाही हे माहीत असलं तरी सांगा. माझे कान प्लॅस्टिकचे आहेत, तरी इथली मुलं मला सांगितल्याशिवाय हात लावत नाहीत. तुमच्या माणसाचे कान खरे आहेत.