निकालानंतरचा सोमवार

"मत मागायच्या आधी पाणी मागायचं. आणि निकाल लागला की परत जायचं. निवडून आलो तर सवडीनं जा, पडलो तर आधी जा."

उदेसिंग गुरुजींचं हे बोलणं सिंधुबाईंना सोमवारी सकाळी देवापुढं दिवा लावताना पुन्हा आठवलं. निकाल लागून आज चौथा आठवडा. आघाडी पडलीच होती, आणि त्या अजून घरातच होत्या.

गुरुजी सातपुड्यातल्या धडगावकडचे, आदिवासी पावरा समाजाचे, शाळेतून निवृत्त झालेले. डोंगरातल्या दोन आणि सपाटीवरची एक, अशा तीन लहानशा संघटना जोडून त्यांनी जिल्हा परिषदेसाठी आघाडी उभी केली. सत्तेतल्यांपुढं उभं राहायची तेव्हा कुणाची छाती नव्हती. मागणं एवढंच की पावरा असो, भिल्ल असो, कोकणी आदिवासी असो नाहीतर तापीकाठचा पाटील, मजुरीला, पाण्याला आणि पंगतीला सगळे सारखे. आणि नियम असा, की डोंगरातल्यानं सपाटीवर मत मागायचं, सपाटीवरच्यानं डोंगरात. आपल्याच भाऊबंदांत फिरायला काय लागतं, असं गुरुजी म्हणत.

चिन्ह मिळालं कपबशी. पहिल्याच बैठकीत गुरुजी मिशीत हसले होते. "पाटलाच्या मागच्या भिंतीला आमचा कप वेगळा टांगलेला असतो. आता त्याच कपापुढचं बटण पाटलाला दाबायला सांगायचंय."

सगळे हसले, सपाटीवरच्या संघटनेतून आलेल्या सिंधुबाईंची मान मात्र खाली गेली. पुरुषोत्तमनगरजवळच्या त्यांच्या घरामागं, ऊसतोडीला येणाऱ्या माणसांसाठी असा एक कान तुटलेला कप खुंटीला होताच. सासूबाईंच्या वेळेपासून होता. सिंधुबाईंनी तो कधी टांगला नव्हता, तसा काढलाही नव्हता. त्या संध्याकाळी तो घासून घरातल्या कपांत येऊन बसला. दुसऱ्या सकाळी यजमानांना, हेमकांतरावांना, चहा त्यातच मिळाला. त्यांनी कपाकडं पाहिलं, बायकोकडं पाहिलं आणि फुंकर मारून ते चहा प्यायले.

अशी ती आघाडी. पाच महिने टिकली, पण त्या पाच महिन्यांत माणसं एकमेकांच्या चुलीपर्यंत गेली. शहाद्याच्या सभेत एका भिल्ल पोरीनं सपाटीवरच्या अहिराणी बोलीत भाषण केलं, तर पाटलांच्या म्हाताऱ्या पदर डोळ्याला लावून ऐकत होत्या. आणि गुरुजी स्वतः कुठल्याही घरी जमिनीवर सगळ्यांच्या शेवटी बसत. त्यांना पुढं बसा म्हणायची सोय नव्हती.

सिंधुबाईंच्या वाट्याला धडगावच्या वरचा एक पाडा आला. तिथं बेबीबाई नावाची पावरा बाई घरोघर आघाडीचं काम करी. सिंधुबाई पहिल्यांदा गेल्या तो वार सोमवार. एकवीस वर्षांचा त्यांचा नेम, दिवसभर उपास आणि दिवेलागणीला घरच्या देवापुढंच तो सोडायचा. बेबीबाईंनी तांब्या पुढं केला. त्यांना खालच्या ओढ्यातून डोक्यावर हंडे वाहून आणताना सिंधुबाईंनी वाटेत पाहिलं होतं. एवढ्या कष्टाचं पाणी आपण कशाला संपवावं, म्हणून मांडीवरची बाटली दाखवत त्या म्हणाल्या, "पाणी आहे माझ्याकडं." मग झाकलेली थाळी आली. ती न उघडताच त्यांनी हात जोडले. "आज सोमवार. माझा उपास असतो."

बेबीबाई थाळी उचलून आत घेऊन गेल्या.

घाट उतरताना जीपवाल्या दोधूनं एका वळणावर जीप हळू केली. तो म्हणाला, "ताई, थाळीत उपासाची भगरच होती. तुमचा सोमवार असतो हे काल मीच बेबीबाईंना सांगितलं होतं. त्यांनी स्वतःच्या उतारावरच्या शेतातली भगर कांडून ठेवली. मीठसुद्धा उपासाचं मागवलं माझ्याकडून."

त्या रात्री सिंधुबाईंचा उपास सुटला नाही. घास हातात घेतला की झाकलेली थाळी दिसे. अन्न न बघता परतवलं, पाणीही मागितलं नाही. देवासाठी म्हणून केलं, आणि झालं काय, तर मागच्या भिंतीवरचा कपच आपण बरोबर घेऊन गेलो.

पुढच्या बाजाराला त्या धडगावला मुद्दाम गेल्या आणि बेबीबाईंना गाठून म्हणाल्या, "माझं चुकलं. निकाल लागला की येईन. सोमवारीच येईन, आणि उपास तुमच्या हातची भगर खाऊन सोडीन."

बेबीबाईंनी मिरच्यांचा वाटा नीट करता करता त्यांच्याकडं पाहिलं. राग नव्हता डोळ्यांत. "निकालानंतर कोणी येत नाही, ताई. जीपसुद्धा येत नाही."

आणि तरीही त्या पाड्यानं एकूण एक मत कपबशीला दिलं.

सपाटीवर मात्र आघाडी आपटली. एकच जण निवडून आला, तोही पंधरा दिवसांत सत्तेतल्यांच्या मांडवात जाऊन बसला. मग संघटनांचं एकमेकांवर ढकलणं सुरू झालं. आघाडीच्या धडगावच्या कचेरीत आता मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. गुरुजी आपल्या शेतावर परतले. पण जाण्याआधी, पायी फिरून, प्रत्येक पाड्यावर पाणी पिऊन गेले म्हणतात. हे कालच कुणीतरी सांगितलं, आणि सिंधुबाईंना आपली लाज वाटली. पहिला सोमवार पाहुण्यांत गेला होता, दुसरा पावसात, तिसरा 'लोक काय म्हणतील' यात. चौथाही गेला तर बेबीबाईंचं म्हणणं खरं ठरणार होतं, आणि आपल्यामुळं ठरणार होतं.

दिवा शांत तेवत होता. आज संध्याकाळी तो लावायला त्या घरी नसणार. एकवीस वर्षांत पहिल्यांदा. त्यांनी देवापुढं डोकं टेकलं. महादेवाला डोंगर का परका आहे, असं मनाशी म्हणाल्या, आणि पिशवी भरायला घेतली. पिशवीत एक लुगडं आणि जपाची माळ.

हेमकांतराव दारात उभे होते. "आघाडी ते मोडी गई. आते कोनं मत मांगाले चालनी?"

"मत नही. घास मांगना शे," त्या हळूच म्हणाल्या.

यावर काही टोमणा येईल म्हणून त्या थांबल्या. हेमकांतराव आत गेले, फडताळ वाजलं. परत आले तेव्हा हातात कागदात बांधलेली गुळाची ढेप होती.

"रिकामा हाते जाऊ नको," म्हणाले, आणि गोठ्याकडं वळले.

सिंधुबाईंनी गूळ पिशवीत ठेवला. सवयीनं भरून ठेवलेली पाण्याची बाटली तेवढी बाहेर काढली, फळीवर जागच्या जागी ठेवली, आणि दार ओढून घेऊन शहाद्याच्या रस्त्याला लागल्या. धडगावची जीप तिथून मिळायची होती.