समक्ष पाहून

सकाळपासून ह्यांनी चार वेळा चष्मा पुसला, दोनदा बूट घालून काढले आणि एकदा माझाच चष्मा लावून दाराबाहेर पडले. मी म्हटलं, "साक्ष द्यायला निघालात की पळून चाललात?"

"अकराची वेळ आहे, उगाच बडबड नको," हे म्हणाले. तेव्हा साडेआठ वाजले होते.

आमचे हे दस्तलेखक. नोंदणी कचेरीच्या फाटकापाशी एक टेबल, एक खुर्ची, वर छत्री, अशी चाळीस वर्षं. गावातली निम्मी खरेदीखतं ह्यांच्या हातची. अक्षर मोत्यासारखं, पण टेबल सोडून हलायचं म्हणजे जिवावर यायचं. लग्न झाल्यावर मला समुद्र दाखवणार होते, तो मी अजून पाहिलेला नाही.

प्रत्येक खताच्या शेवटी ह्यांचं एक ठरलेलं वाक्य: 'जागा समक्ष पाहून चतुःसीमा लिहिल्या आहेत.' म्हणजे जागेच्या चारी बाजूंना काय आहे, ते डोळ्यांनी पाहिलं. फाटकापाशी बसणारे सगळेच हे लिहीत आणि जागेवर कोणी फिरकत नसे. मागचं खत समोर ठेवायचं आणि उतरवून काढायचं.

त्याच वाक्याने शिवणबाईची खोली गिळायला घेतली. बावीस वर्षांपूर्वी तिने जागा घेतली, तेव्हा ह्यांनी मागच्या खतातून उतरवलं: पूर्वेस विहीर, विहिरीपासून पश्चिमेला चाळीस फूट. पण ती विहीर त्याआधीच बुजवलेली होती आणि आणखी पूर्वेला रस्त्यापलीकडे, जुनीपासून अठरा फुटांवर, नवी खोदली होती. यंदा पश्चिमेच्या गॅरेजवाल्याने नव्या विहिरीपासून मोजलं. कागदाप्रमाणे शिवणबाईचे अठरा फूट रस्त्यात आणि तेवढीच तिची मागची खोली गॅरेजवाल्याच्या जागेत. बरं झालं, त्याने तिची चूल भर रस्त्यात मांडली नाही. त्याने तक्रार केली, पाठोपाठ नोटीस आली: दुसऱ्याच्या जागेत अनधिकृत बांधकाम, पाडून टाका. त्याच खोलीत मशीन चालवून तिने दोन मुलींना शिकवलं होतं.

परवा ती घरी आली. "काकू, काकांना एवढंच विचारा हो, कागदातली विहीर कुठली?" हे आतल्या खोलीत होते, बाहेर आलेच नाहीत. मला इतका राग आला, की ती गेल्यावर मी भांडी नको तेवढी आपटली.

"सांगून टाका ना एकदाचं, पाहिली नव्हती म्हणून," मी म्हटलं.

"परवाना जाईल. जाऊ दे. पण मग चाळीस वर्षांची खतं घेऊन लोक माझ्याकडे येतील. त्यांना काय सांगू?"

मी आपटलेली भांडी एकेक करून जागेवर लावली. तेव्हापासून ह्यांचं जेवणात लक्ष नव्हतं.

सुनावणीला मीही मागे बाकावर बसले. अधिकारी मॅडम आमच्या मुलीच्या वयाच्या. शिवणबाई भिंतीला टेकून उभी, बस म्हटलं तरी बसेना. गॅरेजवाल्याचा वकील गोड बोलणारा होता.

"काका, शेवटचं वाक्य तुमचंच ना?"

"माझंच."

"त्या साली जुनी विहीर होती?"

"बुजवली होती."

"म्हणजे तुम्ही समक्ष पाहिली ती नवीच." एवढं बोलून तो खाली बसलासुद्धा.

ह्यांनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. मला वाटलं, गिळलं ह्यांनी. कधी नव्हे ती मला ह्यांची लाज वाटली.

"मी जागा पाहिली नाही," हे म्हणाले. "गेलोच नव्हतो. मागच्या खतावरून उतरवलं. मागच्या खतात जुनीच विहीर आहे, ते लिहिलं तेव्हा दुसरी नव्हतीच."

मॅडमनी पेन थांबवलं. "काका, मी हे नोंदवून घेतेय. पुढे काय होईल, माहीत आहे ना?"

"लिहा. हे तरी समक्ष सांगतोय."

नोटिशीला स्थगिती मिळाली, जुन्या विहिरीपासून मोजणीचा हुकूम झाला. ह्यांचा परवाना आणि शिक्का तिथेच जमा झाले. बाहेर आल्यावर शिवणबाई ह्यांच्या पाया पडायला वाकली, तर हे चिडले. "अगं, चूक माझीच होती ना?"

दुसऱ्या दिवशी टेबल-खुर्ची घरी आणायला आम्ही दोघं फाटकापाशी गेलो. तिथे दहा-बारा माणसं आधीच उभी होती, प्रत्येकाच्या हातात ह्यांच्या अक्षरातलं खत. बातमीला पाय फुटायला वेळ लागत नाही.

"काका, आमच्या जागेवर आला होतात का?" पहिल्याने विचारलं.

"नाही."

"आणि आमच्या?"

"नाही."

एकजण फार वाईट बोलला. ह्यांनी मान खाली घालून सगळं ऐकलं. मला त्या माणसाचं तोंड धरावंसं वाटलं, पण तो खोटं बोलत नव्हता.

शिवणबाई मागे उभी होती. तिने गळ्यातली कापड मोजायची टेप काढून ह्यांच्या हातात दिली. ह्यांनी ती नीट गुंडाळून खिशात घातली.

"तुमची जागा कुठे आली?" ह्यांनी पहिल्या माणसाला विचारलं.

"लांब आहे. चालत अर्धा तास लागेल."

"चला. परवाना नाही, लिहून काही देता येणार नाही. पण पाहून येऊ."

तो पुढे आणि हे मागे, असे निघाले. छत्री न्यायचं ह्यांच्या लक्षातच आलं नाही. मी खुर्ची सावलीत ओढली, तिच्यावर बसले आणि बाकीच्यांना रांग लावायला सांगितलं.