जगनला बाहेर काढलं तेव्हा

गणपती, देवी आटोपल्या की कल्याणच्या खाडीवरच्या विसर्जन घाटाकडे कुणी फिरकत नसे. परशुराम आणि गुणाजी, दोघेही कोळी, तिथले जीवरक्षक. सणात पाण्यात उभं राहून माणसं सांभाळायची, एरवी शेडमध्ये बसून जाळी विणायची. ब्याण्णवचा उन्हाळाही तसाच चालला होता.

घाट रिकामा बघून रेतीवाल्या जगनने होड्या थेट पायऱ्यांपाशी लावल्या. रेती उपसून उपसून कमरेएवढ्या पाण्याच्या जागी डोह झाला. सांगून ऐकेना, तेव्हा एका दुपारी गुणाजीने त्याच्या होडीचा दोर कोयत्याने तोडला.

जगन दोन माणसं घेऊन आला. हातात पहार.

"दोर कुणी तोडला रे?"

"मी. गणपतीत इथं लोकं उतरतात, जगन. मरतील."

पहार गुणाजीच्या उजव्या हातावर बसली. हाड मोडल्याचा आवाज शेडपर्यंत गेला. परशुराम धावत आला. एकाला त्याने लाथेने लोळवलं, तर दुसऱ्याने त्याच्या कपाळात दगड घातला. परशुरामच्या डोळ्यांत रक्त ओघळलं. जगनने पुन्हा पहार उगारली, पण शेवाळावरून त्याचा पाय सटकला आणि तो डोहात गेला.

त्याला पोहता येत नव्हतं. त्याची माणसं काठावरून नुसती ओरडत राहिली.

"मरू दे त्याला!" गुणाजी किंचाळला.

परशुरामने उडी टाकली. जगनने त्याचा गळाच आवळला, त्याला खाली दाबलं. परशुरामने त्याच्या जबड्यावर ठोसे घातले, मिठी सुटेपर्यंत घातले, आणि केसांना धरून काठाला ओढत आणलं.

जगन पायरीवर पाणी ओकत होता. गुणाजी डाव्या हातात वल्हं घेऊन त्याच्यावर धावला. परशुराम जगनवर आडवा पडला. वल्हं त्याच्या पाठीत बसलं.

"सरक, परशा!"

"नाय सरकत."

"माझा हात गेला रे!"

"ठाव हाय मला. पोलिसात देऊ त्याला. पण आता नाय मारायचा."

गुणाजीने आणखी दोनदा मारलं. मग वल्हं फेकून तो मोठमोठ्याने रडायला लागला.

परशुरामच्या साक्षीवर जगन तुरुंगात गेला. गुणाजीचा हात मात्र कोपरात वाकडाच राहिला, पोहणं संपलं. भाद्रपदात परशुराम एकटाच पाण्यात उतरला. गुणाजी शिट्टी घेऊन पायरीवर उभा होता. माणूस खोल जाताना दिसला की शिट्टी वाजायची आणि परशुराम वळायचा. त्याखेरीज दोघांत बोलणं होत नसे.